खाली बघणारी फुलं

तोआ पायोह, सिंगापूर
५ ऑक्टोबर २०२४

सुरेखे,

आशीर्वाद घे आणि पुढचं चष्मा लावून नीट वाच.

तुझं पत्र पोचलं. फोन करत नाही, कारण तुझं ते कानातलं मशीन शिट्ट्या मारतं, मग मी इकडून ओरडतो, आणि आमच्या अख्ख्या मजल्याला कळतं की माझ्या बहिणीनं शेफील्डला आज काय खाल्लं. त्यापेक्षा कागद बरा. मध्ये बोलत नाही.

निशिकांतराव जाऊन दोन वर्षं होत आली. भला माणूस होता. पण तो गेला आणि तू त्या घरात एकटी राहिलीस. वर खोल्या, खाली खोल्या, मागं अंधारी बाग, आणि माणूस एक. धवल लंडनहून सांगतोय, आई, घर विकून टाक. पोरगं बरोबर सांगतंय. विक आणि इकडं ये. इथं राहायच्या पासाबिसाचं आमचा क्षितिज बघेल, त्याला त्यातलं कळतं.

इथं थंडी नाही. डिसेंबरात पाऊस लागला की ब्लॉकमधले म्हातारे स्वेटर चढवून खाली व्हॉइड डेकमध्ये येऊन बसतात, आणि एकमेकांना सांगतात की यंदा फार गारठा आहे. एवढीच थंडी. बिल्डिंगच्या खाली सगळी मोकळी जागा, दगडी टेबलं, बसायला कट्टे. क्षितिज आणि प्रणिता ऑफिसला जातात, रिचा शाळेत जाते, मी खाली उतरतो. पलीकडं हॉकर सेंटर आहे, खाण्याच्या टपऱ्यांचं, तिथं कॉफी पितो. तू आलीस तर दोघं पिऊ.

तू लिहितेस की बागेमुळं पाय निघत नाही. कसली बाग? तूच मागं लिहिलं होतंस की मोठी झाडं आहेत, ऊन येत नाही, वरून बर्फ. अंधारात आणि बर्फात काय उगवतं गं? मी सातवी शिकलो, पुढं जन्मभर स्वारगेटच्या डेपोत बसगाड्यांखाली झोपलो, पण उन्हाशिवाय काही उगवत नाही एवढं मलाही कळतं.

कधी येतेस ते कळव. विचार करत बसू नकोस. विचार करून कुणाचं भलं झालेलं मी बघितलं नाही.

दादा


शेफील्ड
२२ ऑक्टोबर २०२४

दादा,

नमस्कार. तुझं पत्र म्हणजे डेपोतला हॉर्न. वाचून झाल्यावरही कानात वाजत राहतं, आणि मला तर मशीन काढूनही वाजत होतं.

अंधारात आणि बर्फात काय उगवतं ते सांगते. हेलेबोर नावाचं फूलझाड उगवतं.

आमची बाग घराच्या मागे, उत्तरेला. दोन मोठ्या झाडांची सावली. ह्यांनी आधी गुलाब लावून बघितले, ते रुसून गेले. मग बाजारातून हेलेबोरचं एक रोप आणलं. त्याला सावलीच हवी होती. झाडांखालचा कुजलेला पाला घालायचा, बाकी त्याचे काही लाड नाहीत. त्याचं बी पडून पडून आता सगळा वाफा भरलाय. जानेवारीत बाहेर सगळं काळं नि ओलं असतं, पाखरूसुद्धा दिसत नाही, तेव्हा ह्या बया फुलायला लागतात. पांढऱ्या, कच्च्या पेरूसारख्या हिरवट, काही पिकल्या जांभळासारख्या. थंडीनं गोठून रात्री जमिनीवर आडव्या पडतात. आपल्याला वाटतं, मेल्या. दुपारी जरा ऊब आली की उठून उभ्या.

आता मुद्द्याचं. आमच्या वस्तीत फेब्रुवारीच्या शेवटच्या रविवारी बागा उघड्या ठेवतात. लोक घरोघर हिंडून बागा बघतात, चहा पितात. ह्यांच्या हेलेबोरसाठी लांबून माणसं यायची. हे गेल्यापासून मी फाटक उघडलं नाही. परवा शेजारची जोन येऊन म्हणाली, यंदा उघडशील का? मी हो म्हणून बसले.

दादा, मी मनाशी ठरवलंय आणि धवललाही सांगितलंय. त्या रविवारी लोक आले, बागेत रमले, तर मी इथेच राहणार. नाही रमले तर मार्चमध्ये घर विकायला काढते आणि तुझ्याकडे येते. मग मला कुणी काही विचारायचं नाही.

एकच अडचण आहे. ही फुलं खाली बघतात. सगळी माना घालून उभी. वरून बघितलं तर नुसती पाठ दिसते, रंग सगळा आत. आणि येणारे सगळे आपल्या वयाचे. हे स्वतः चिखलात गुडघे टेकून एकेक फूल बोटानं वर उचलून दाखवायचे. माझा गुडघा बदललेला, मला टेकता येत नाही. लोकांनी येऊन बघायचं काय?

सुरेखा


तोआ पायोह
८ नोव्हेंबर २०२४

सुरेखे,

वाचलं. दिवाळीचा फराळ इथं झाला, प्रणितानं चकली विकत आणली, मी काही बोललो नाही. आपल्या ब्लॉकमध्ये पाच भाषा बोलणारी माणसं आहेत, सगळ्यांनी खाल्ली, सगळ्यांनी चांगली म्हणलं. जाऊ दे.

तुझ्या अडचणीत अडचण काही नाही. फुलानं मान टाकली म्हणजे त्याला पाणी कमी पडतंय. हे लहान पोराला कळतं. भरपूर पाणी घाल. तरी मान वर नाही केली तर काठी रोव आणि देठ काठीला बांध, सुती दोऱ्यानं. आपली आई शेवंती बांधायची तशी. सरळ उभं केलं की लोकांना तोंड दिसेल. झालं.

निशिकांतराव शिकलेला माणूस, गुडघे टेकत बसला. शिकलेल्या माणसांना सोपं काही सुचत नाही.

माझं मत विचारशील तर हा रविवारचा खटाटोप कशाला? फुलं बघायला येणारी माणसं तुझ्या आजारपणात येणार आहेत का? मी येणार नाही, कारण मी लांब आहे. म्हणून तूच जवळ ये म्हणतो. पण तू ऐकणार नाहीस. लहानपणी पण नाही ऐकलंस.

बांध आणि कळव.

दादा


शेफील्ड
२४ नोव्हेंबर २०२४

दादा,

बांधलं. कळवते.

एक रोप दरवर्षी सगळ्यांच्या आधी फुलतं. त्याला तुझ्या हुकुमाप्रमाणे भरपूर पाणी दिलं, काठ्या रोवल्या, फुलं आभाळाकडे तोंड करून बांधली. दोन दिवस फार सुंदर दिसलं. जोन म्हणाली, हे काय केलंस? मी म्हणाले, माझ्या भावाचा सल्ला आहे. म्हणाली, भाऊ माळी आहे का? मी म्हणाले, नाही, बस मेकॅनिक. ती काही बोलली नाही. इथली माणसं बोलत नाहीत तेव्हा खूप बोलतात.

तिसऱ्या दिवशी पाऊस आला. फुलं वाटीसारखी भरली. रात्री त्या वाटीतलं पाणी गोठलं आणि सकाळी सगळी फुलं काळी पडली. मुळाशी पाणी साचलं ते वेगळंच. आता रोप सडतंय.

मग मला कळलं, ती मान का घालतात. पाऊस-बर्फ आत जाऊ नये म्हणून. छत्री आहे ती. तहान नाही लागलेली, दादा. शहाणपणा आहे.

रागावले नाही. थोडी रागावले. पण बाकीची रोपं ठीक आहेत. जुनी पानं हातमोजे घालून कापायला घेतलीत, कारण चीक लागला तर कातडी भाजते. मधे कळ्या दिसताहेत, जमिनीतून नुकतं डोकं काढलेल्या. त्यांना मी हात लावू देणार नाही, तुला तर मुळीच नाही.

धवल मागच्या आठवड्यात आला होता. बरोबर घर दाखवायला माणूस घेऊन आला. तो माणूस खोल्यांतून फिरला, मागच्या दारातून बाग बघितली आणि म्हणाला, इथे फरशी घातली तर गाडी लावायला जागा होईल. मी त्याला चहा दिला नाही.

लोकांना फुलं कशी दाखवायची ते अजून सुचलेलं नाही.

सुरेखा


तोआ पायोह
९ डिसेंबर २०२४

सुरेखे,

रोप माझ्यामुळं गेलं. मान्य. पुढं.

तो गाडी लावणारा मला आवडला नाही. मी जन्मभर गाड्या लावल्या, त्यांना जागा लागते हे मला कळतं, पण दुसऱ्याच्या दारात उभं राहून असं बोलायचं नसतं. चहा दिला नाहीस हे बरं केलंस.

एक पार्सल येतंय. नाताळाच्या गर्दीत अडकेल, वाट बघ. आत काय आहे ते उघडल्यावर कळेल. काठ्या पाठवत नाही, लांब पडतात. तिथले जुने झाडूचे दांडे जमवून ठेव. जोनकडं पण माग. शेजारच्याकडं झाडू असतोच.

सडलेलं रोप उपटून टाक, बाकीच्यांना लागण नको.

दादा


तोआ पायोह
१० डिसेंबर २०२४

प्रिय सुरेखाआत्या,

नमस्कार. मी प्रणिता. बाबांच्या पार्सलमध्ये त्यांना न सांगता ही चिठ्ठी घालतेय, कारण ते तुम्हाला काही सांगणार नाहीत आणि मला सांगितल्याशिवाय राहवत नाही.

झालं असं. तुमचं काळ्या फुलांचं पत्र आलं त्या दिवशी बाबा जेवले नाहीत. "भूक नाही" म्हणाले. दुसऱ्या दिवशी कॉफी प्यायला गेले ते धावत परत आले. कुठल्या तरी इमारतीच्या फाटकावर वॉचमन लॉरीखाली काठीला लावलेला आरसा घालून बघत होता. बाबा म्हणाले, "डेपोत आम्ही दाढीचा आरसा घेऊन हेच करायचो. सुरेखाची फुलं म्हणजे गाडीचा खालचा भागच की." मला वाटलं, झालं, आता घरात ड्रिल येणार. मी आधीच सांगितलं, बाबा, घरात ड्रिल नाही. म्हणून ते खाली व्हॉइड डेकमध्ये बसायला लागले. तिथे बुद्धिबळ खेळणारे अंकल आहेत, त्यांचा खेळ बंद, सगळे बाबांभोवती.

आधी सायकलचे गोल आरसे आणले. त्यात सगळं लहान दिसतं, फूल वाटाण्याएवढं. ते रद्द. मग सपाट आरसे आणले, मागे पत्र्याची पट्टी वाकवून पाइप आवळायची होज क्लिप लावली, म्हणजे कुठल्याही दांड्याला बसेल. पण खरंच फूल नीट दिसतं का ते बघायला खाली बघणारं फूल हवं. सिंगापूरमध्ये तुमची हेलेबोर कुठून आणायची? मग त्यांना आमच्या कॉरिडॉरमधली शेजारच्या मिसेस तानची मिरचीची झाडं आठवली. मिरचीचं फूल खाली बघतं, मला माहीतच नव्हतं.

गुरुवारी मी घरून काम करत होते. मीटिंग चालू असताना बाहेर किंचाळण्याचा आवाज. बाहेर जाऊन बघते तर मिसेस तानची बाजाराची पिशवी जमिनीवर, संत्री घरंगळत लिफ्टपर्यंत गेलेली, आणि कुंड्यांच्या मांडणीखालून दोन पाय बाहेर आलेले. बाबांचे. आरसा खरं दाखवतो की नाही ते तपासायला ते स्वतः खाली झोपून बघत होते. सगळ्या दारांतून माणसं आली. कुणी पाणी, कुणी वारा घालायला वर्तमानपत्र. कुणीतरी ॲम्ब्युलन्स बोलवायला फोनही काढला. बाबा खालूनच म्हणाले, "नो फॉल. नो फॉल. चेकिंग फ्लॉवर."

मिसेस ताननी आधी एक संत्रं उचललं. मग वाकून त्यांना विचारतात, "अंकल, माय चिली गॉट प्रॉब्लेम इज इट?"

आता आख्खा मजला मिरचीची फुलं आरशात बघून झालाय. रिचा शाळेतून आली आणि म्हणाली, "आजोबा सो एम्बॅरसिंग लाह," आणि मग तिनंच सगळ्यांत जास्त वेळ बघितलं.

एक गोष्ट आहे, बाबांना कळू देऊ नका. छोट्या खोलीत त्यांनी ऑक्टोबरमध्येच एक पलंग आणून ठेवलाय. विचारलं तर सांगतात, सामान ठेवायला आहे. त्याच्यावर कुणाला सामान ठेवू देत नाहीत.

आणि तोच माणूस, तुम्ही तिकडेच राहावं म्हणून खाली पत्रे वाकवत बसलाय. मला राहवलं नाही, मी विचारलं, बाबा, हे आरसे चालले तर आत्या इकडे येणार नाहीत, कळतंय ना तुम्हाला? म्हणाले, "न कळायला काय झालं? पण ती हरून इथं आली तर रोज तोंड पाडून बसेल. तसली सुरेखा घेऊन मी काय करू?"

आत्या, आरसे जपून उघडा. रिचाच्या जुन्या टी-शर्टमध्ये गुंडाळलेत.

तुमची,
प्रणिता


शेफील्ड
११ जानेवारी २०२५

दादा,

पार्सल मिळालं. एकही आरसा फुटला नाही. एका टी-शर्टवर मांजराचं चित्र आहे, तो मी ठेवून घेतलाय असं रिचाला सांग.

तुझी चिठ्ठी आत नव्हतीच, नुसता एक चिटोरा: "कोन जुळव, स्क्रू फार आवळू नकोस." तेवढ्यावरून मी आणि जोननं दांडे बसवले. जोनकडे झाडू निघाले ते बघून मला वाटलं, ही बाई झाडते तरी किती. पहिला आरसा मी हातात घेऊन बागेत गेले. आधी आभाळ दिसलं. मग माझी हनुवटी, ती काही बघण्यासारखी नाही. मग कोन जुळला.

दादा, मी इतकी वर्षं ह्या बागेत चहा प्यायले. हे फूल उचलून दाखवायचे तेव्हा मी खिडकीतूनच "हो, छान आहे" म्हणायचे. बाहेर थंडी असायची. आता बर्फात उभी राहून पहिल्यांदा आत बघितलं. एका पांढऱ्या फुलाच्या आत सगळे लालसर ठिपके, जणू कुणी चिमटीनं लाल रांगोळी सोडली. दुसऱ्यात कडेला बारीक जांभळी रेघ. मी एका वाफ्यापासून दुसऱ्याकडे जात राहिले. जोन आतून ओरडत होती, चहा गार झाला. मला ऐकू आलं नाही असं मी दाखवलं. बहिरेपणाचा एवढा एक फायदा.

आता भीती वाटते ती वेगळी. आधी वाटायचं, लोकांना दाखवायला काही नाही. आता दाखवायला आहे आणि लोक आले नाहीत तर?

तुझ्याकडे गारठा कसा आहे? स्वेटरवाले काय म्हणतात?

सुरेखा


तोआ पायोह
२८ जानेवारी २०२५

सुरेखे,

स्वेटरवाले म्हणतात फार गारठा आहे. पंखा चालू ठेवून म्हणतात. उद्या चिनी नवं वर्ष, मिसेस तान संत्री देऊन गेल्या. आता आमचं चांगलं जमतं.

ऐक. आरसे फाटकाशी टांगून ठेव, आत नको. माणूस आत शिरतानाच हातात काठी आली पाहिजे. हातात काही दिलं की माणूस थांबतो, रिकाम्या हाताचा माणूस बघतो आणि जातो. काच रोज पुस, तिथं धुकं धरेल. चहा आल्याचा कर. त्यांचं ते पाणी नको.

लोक आले नाहीत तर काय, हा प्रश्न मला विचारू नकोस. बस सुटायच्या आधी प्रवाशांचा विचार ड्रायव्हरनं करायचा नसतो. वेळेवर सोडायची.

दादा


शेफील्ड
२४ फेब्रुवारी २०२५

दादा,

बस वेळेवर सोडली.

सकाळपासून पाऊस, अर्धा बर्फ अर्धं पाणी. धवल आदल्या दिवशीच लंडनहून आला होता, तोंड लांब करून कप मांडत होता. मी फाटक उघडलं, आरसे टांगले आणि आल्याचा चहा उकळून ठेवला. कुणी नाही. जोन म्हणाली, पाऊस आहे, येतील. मी दारात उभी. तासभर गेला. धवलनं एकदा माझ्याकडे बघितलं आणि मांडलेले कप पुन्हा मांडले. मला वाटलं, घातलीच आता फरशी.

मग कुत्रं घेऊन एक माणूस आला. बाग बघायला नाही, दुसऱ्या गल्लीतलं घर शोधत होता. मी तुझं ऐकलं. काही बोलायच्या आत हातात काठी दिली. तो म्हणाला, हे काय? मी म्हणाले, खाली घाला आणि बघा. त्यानं आरसा फुलाखाली घातला. बघितलं. मग कुत्र्याचा पट्टा धवलच्या हातात दिला आणि बायकोला फोन लावला. म्हणाला, तू जिथे असशील तिथून इकडे ये.

त्यानंतर काय झालं ते मला नीट सांगता येणार नाही. लोक येतच राहिले. छत्र्या, बूट, चिखल. आरसे कमी पडले, तर माणसं रांगेत थांबली. इथले लोक रांगेत खूश असतात हे तुला माहीत आहे, पण हसत रांगेत उभे राहिलेले मी पहिल्यांदा बघितले. एक बाई चाकाच्या खुर्चीत होती. दरवर्षी यायची म्हणे, फाटकाशी थांबून बाकीच्यांकडून ऐकायची कसं आहे ते. तिनं आरसा घेतला तो परत दिलाच नाही. तिच्या मुलीनं तिला वाफ्याभोवती पुन्हा पुन्हा फिरवलं. पोरांनी फुलं सोडून टेबलाखालून सगळ्यांचे बूट बघितले, आणि कुत्र्याचं पोट.

लोक विचारायला लागले, ह्या जातीचं नाव काय, त्या जातीचं काय. मला काय माहीत? हे असते तर लॅटिन सांगितलं असतं. मी म्हणाले, ही प्रणिता. फिकट हिरवी, कडेनं लाल. तिच्या शेजारची ठिपक्यांची रिचा. सगळ्यांनी ते वहीत लिहून घेतलं. आज सकाळी एका बाईचा फोन आला, तुमच्याकडे प्रणिताचं रोप मिळेल का? मी सांगितलं, प्रणिता सिंगापूरला असते, आणि फोन ठेवून दिला. आता ती बाई काय समजली असेल ते देव जाणे.

कोपऱ्यात एक फार गडद फूल आहे, जवळजवळ काळं. वरून बघितलं तर रागावलेलं दिसतं, कुणी जवळ जात नाही. आरसा खाली घातला की आत सगळं पिवळंधमक. तिथे सगळ्यांत जास्त वेळ लागला लोकांना. त्याला मी काय नाव सांगितलं ते तुला लिहिणार नाही.

आल्याचा चहा संपला. दोनदा केला, दोनदा संपला. संध्याकाळी धवल बाह्या वर करून कप धूत होता. माझ्याकडे न बघता म्हणाला, "आई, पुढच्या वर्षी कप जास्त लागतील."

म्हणजे घर विकत नाही, दादा. मी येत नाही. मला माहीत आहे तुला काय वाटेल, म्हणून हे शेवटी लिहिलं. धवल गेल्यावर रात्री एकटी बसले आणि पहिल्यांदा घर मोठं वाटलं नाही.

सुरेखा


तोआ पायोह
१० मार्च २०२५

सुरेखे,

पत्र वाचलं. मी वाचलं, मग प्रणितानं मोठ्यानं वाचलं, मग रिचानं मिसेस तानना इंग्रजीत सांगितलं, आणि आता व्हॉइड डेकमधल्या सगळ्यांना माहीत आहे की शेफील्डला कुत्र्याचं पोट बघितलं. बुद्धिबळवाले म्हणतात, आरसे आम्हीच केले. असू दे म्हणलं.

विकत नाहीस, बरं केलंस. घर विकून आलेली बहीण कशी असते ते मला बघायचंच नव्हतं. मला वाईट वाटलं का? दोन दिवस वाटलं. तिसऱ्या दिवशी त्या चाकाच्या खुर्चीवाल्या बाईचं पुन्हा वाचलं, आणि गेलं.

ते काळं फूल कुणाच्या नावाचं ते मला कळलं. मी मूर्ख नाही. क्षितिजपण हसला, त्याला मी दोन शब्द सुनावले.

आता कामाचं. क्षितिजला सांगितलंय, माझं पुढच्या फेब्रुवारीचं तिकीट काढ. म्हणाला, बाबा, तिथं बर्फ असतो, तुम्हाला झेपेल का? मी म्हणलं, तुझ्या आत्याला झेपतंय, मी तिच्यापेक्षा मोठा आहे. थंडीचे कपडे इथं एका दुकानात मिळतात, परदेशी जाणाऱ्यांसाठी. काल जाऊन कोट घालून बघितला. अस्वलासारखा दिसतो, पण ऊब आहे. दुकानात घाम फुटला.

आल्यावर माझा पाहुणचार करू नकोस. वरची एखादी खोली दे, सकाळी चहा दे, आणि फाटकाशी मला उभं कर, काठ्या वाटायला. आरसे आणखी करून आणतो.

मात्र माझ्यासाठी त्यातला एकही ठेवू नकोस. माझे गुडघे अजून शाबूत आहेत. मी वाकून बघीन.

दादा